मागाहून येते

ऑक्टोबरच्या शेवटच्या आठवड्यात लुडविकानं दुकानाला कुलूप लावलं, ही बातमी ओल्शिना गावात सकाळचे नऊ वाजायच्या आत घरोघर पोचली. तशी ती पोचणारच. एक नोव्हेंबरला सगळं पोलंड आपापल्या माणसांच्या थडग्यांवर दिवे लावायला निघतं, आणि लुडविकाचं दुकान नेमकं दफनभूमीच्या फाटकाला टेकून. लाल काचेचे दिवे, पांढऱ्या काचेचे, एक रात्र जळणारे, तीन दिवस जळणारे, आणि बाहेर शेवंतीच्या कुंड्यांची रांग. असल्या दिवसांत दुकान बंद ठेवायचं म्हणजे फराळवाल्यानं दिवाळीच्या तोंडावर कढई पालथी घालून गावाला निघून जायचं.

पण धंद्यात मुरलेल्या माणसाला एक गोष्ट पक्की ठाऊक असते. गिऱ्हाईक थांबतं, उद्याही येतं. काही कामं मात्र एकदा उद्यावर टाकली की टाकलेलीच राहतात. लुडविकाच्या आईनं असं एक काम पंचाहत्तर वर्षं टाकलेलं होतं.

आई, अपोलोनिया, ब्याऐंशी वर्षांची, अंथरुणाला खिळलेली. डॉक्टरांनी सांगून टाकलं होतं की हृदय दमलंय, आता आठवडा म्हणा नाहीतर पंधरवडा. मरणाचं आईला काही वाटत नव्हतं. तिला झोप येत नव्हती. अकरा रात्री झाल्या, डोळ्याला डोळा नाही. गोळ्या झाल्या, गरम दूध झालं, पाद्री येऊन मरणाआधीचं पवित्र तेल कपाळाला लावून गेले. बाराव्या दिवशी तिनं लेकीला जवळ बसवलं आणि आयुष्यात कधी बोलली नव्हती ते बोलली.

"मी सात वर्षांची होते. समोरच्या घरात फ्रायदला राहायची, शिंप्याची मुलगी. आम्ही कुठंही जायचं तर जोडीनं. त्या सकाळी जर्मनांनी गावातल्या सगळ्या ज्यूंना चौकात उभं केलं आणि चालवत नेलं. आपल्या खिडकीखालूनच. फ्रायदलाचा एक मोजा घसरून घोट्याशी आला होता. तिनं वर बघितलं आणि हाक मारली, पोल्चा, येतेस का? तिला काय ठाऊक, मला तरी काय ठाऊक. माझ्या आईनं मागून माझं तोंड दाबलं होतं. मी तिच्या बोटांतनं म्हणाले, मागाहून येते."

"मग?"

"मग ती म्हणाली, बरं."

आईनं चादर हनुवटीपर्यंत ओढली.

"ग्राबोवाच्या रानात नेलं त्यांना. अठरा किलोमीटर. परत कुणी आलं नाही. आणि मी कधी गेले नाही, लुडका. लग्नं झाली, बाळंतपणं झाली, अळंबी गोळा करायला चारी दिशांची रानं धुंडाळली, त्या रानात पाऊल टाकलं नाही. आता डोळे मिटले की ती उभी दिसते. रागावलेली नाही. नुसती वाट बघतेय. तू जा. सांग तिला, पोल्चानं पाठवलंय. एवढं झालं की मी झोपेन."

म्हणून दुकानाला कुलूप.

ल्युब्लिन शहरातून एक गाडी निघायची. माहिती सांगणारा माणूस, कानाला लावायचं यंत्र, दुपारचं जेवण, आणि एका दिवसात तीन स्मारकं. लुडविकानं फोनवर चौकशी केली, दर ऐकला आणि नम्रपणे फोन ठेवला. घाऊक भाव माहीत असलेली बाई किरकोळीत कशाला फसेल? सकाळची साधी बस ग्राबोवाच्या फाट्यापर्यंत जाते, तिथून तीन किलोमीटर पायी. पिशवीत पाव, चीज, दोन उकडलेली अंडी, थर्मासमध्ये चहा, एक तीन दिवसांचा दिवा, आणि सवयीनं घेतलेलं तिचं सामान: ब्रश, फडकं, साबणाच्या पाण्याची बाटली. गावातली मुलं परदेशी गेली होती, आणि त्यांच्या आईबापांची थडगी घासूनपुसून ठेवायचं काम लुडविकाकडे होतं. तीस वर्षं. तिचा हात फिरलेला दगड लांबून ओळखू यायचा.

आईपाशी भावजय ग्राझिना बसणार होती.

"तुम्ही जा ताई," ग्राझिना म्हणाली. "आणि तिथं उगाच कुणाशी भांडू नका."

"रानात कोण आहे भांडायला?"

"तुम्हाला कोणीही पुरतं."

बस चालवणारा रोमुआल्ड तिचा जुना ओळखीचा. तिला पिशवीसकट चढताना बघून तो हसला. "सुट्टीच्या दिवशी थडगी बघायला? म्हणजे आचारी सुट्टी घेऊन दुसऱ्याच्या लग्नात जेवायला निघाला."

"आचाऱ्यालाच कळतं मीठ कुठं कमी पडलंय ते," लुडविका म्हणाली आणि खिडकीशी बसली. बाहेर धुकं होतं. शेतं, कोबीचे ढीग, कुंपणाशी उभी असलेली एक गाय, सगळं पाण्यात बुडवून ठेवल्यासारखं सावकाश मागे सरकत होतं. अंडी कोमट होती. तिला क्षणभर वाटलं, आपण सात वर्षांच्या आहोत आणि शाळेच्या सहलीला निघालोय.

फाट्यावर उतरणारी ती एकटीच. "दोन दहाला परत येतो," रोमुआल्ड म्हणाला. "ती चुकली तर चार चाळीस. त्यानंतर मात्र मी घरी असतो, पाय बादलीत घालून."

रस्ता रानात शिरला तसे आवाज मागे राहिले. उंच सरळ झाडं, खाली पिवळ्या पानांचा जाड थर. पाऊल पडायचं ते आपलं नाही असं वाटायचं, कारण ऐकूच यायचं नाही. हवेत ओल्या मातीचा आणि अळंबीचा वास. इतकी अळंबी तिनं जन्मात पाहिली नव्हती. झाडाच्या बुंध्याशी, वाटेच्या कडेला, तपकिरी टोप्या घातलेली, ताजी, कुणी हात न लावलेली. ऑक्टोबरात पोलंडच्या रानात अळंबी शिल्लक राहिलेली दिसली, तर समजायचं की त्या रानात लोक येत नाहीत, किंवा येतात पण वाकत नाहीत.

मग झाडं एकदम बाजूला झाली. मोकळी जागा, गवत, आणि गवतात सात मोठ्या शिळा. सात गावांच्या सात. नाव फक्त गावाचं. खाली माणसांची नावं नाहीत, तारखा नाहीत, फोटो नाहीत. ओल्शिनाची शिळा डावीकडून तिसरी होती.

लुडविका तिच्यापुढे उभी राहिली आणि पहिल्यांदा तिच्या मनात जे आलं ते दुःख नव्हतं. मनात आलं, केवढी ही हेळसांड. शिळेच्या माथ्यावर नुसता कचरा. खडे, गोटे, विटेचा तुकडा, कसलंतरी शिंपलं, पाइनचं सुकं फळ. काही खड्यांना शेवाळ चढलेलं. पोरं खेळून गेली असतील, नाहीतर वाऱ्यानं… पण वारा खडे कुठं उचलतो? तिनं पुढचा विचार केला नाही. हाताला सवय असली की डोकं मागे राहतं. पिशवीतून ब्रश निघाला, साबणाचं पाणी निघालं. खडे तिनं दोन्ही हातांनी ओंजळी ओंजळीनं प्लास्टिकच्या पिशवीत भरले आणि मागं एका झाडाच्या मुळाशी ओतून टाकले. मग तासभर तिनं ती शिळा अशी घासली, की अक्षरांतली धूळसुद्धा निघाली. फडक्यानं कोरडी केली. मधोमध दिवा ठेवला, पेटवला. दोन पावलं मागं सरून पाहिलं. लखलखीत. आईच्या वतीनं याहून जास्त काय करायचं?

"फ्रायदला," ती हळूच म्हणाली. मोठ्यानं बोलायला लाज वाटत होती. "मी ओल्शिनाची लुडविका. पोल्चाची मुलगी. पोल्चानं पाठवलंय."

काही झालं नाही. पण लोकांनी भरलेल्या खोलीत आपण शिरावं आणि सगळे बोलायचे थांबावेत, तशी शांतता पडली. आधी तिथं आवाज होता, हे तिला तो थांबल्यावर कळलं.

ती फाट्यावर परत आली तेव्हा दोन वाजले होते. बाकावर बसून तिनं दुसरं अंडं सोललं, आणि फोन वाजला. ग्राझिना.

"ताई… तिथं काय केलंत तुम्ही?"

"काय केलं म्हणजे? साफसफाई केली, दिवा लावला. का? झोपली का आई?"

"झोपतायत कसल्या. दुपारपासनं उठून बसल्यात. महिनाभर उशीवरनं डोकं उचललं नव्हतं, आता ताठ बसल्यात." ग्राझिनाचा आवाज खाली गेला. "सारखं एकच. लुडकानं सगळ्यांना हाकलून दिलं म्हणतात. भेटायला आलेल्यांना हाकलून दिलं. ती पुन्हा एकटी पडली… ताई, कोण होतं तिथं? कुणाशी भांडलात का?"

"कुणी नव्हतं गं."

"मग त्या रडतायत कशाला?"

बस आली. रोमुआल्डनं दार उघडलं. लुडविका हातात अर्धं अंडं धरून उभी होती. "तू जा," ती म्हणाली. "मी चार चाळीसनं येते."

ती परत रानात शिरली तेव्हा बारीक पाऊस लागला होता, पडतोय की नुसता तरंगतोय ते न कळणारा. मोकळ्या जागेच्या कडेला एक म्हातारी उभी होती. लाल गमबूट, विणलेली टोपी, हातात वेताची टोपली. टोपली रिकामी.

"अळंबी नाही मिळाली?" काहीतरी बोलायचं म्हणून लुडविकानं विचारलं.

"इथली नाही घेत आम्ही," म्हातारी म्हणाली. "टोपली आपली सोबतीला. रिकाम्या हातानं फिरलं की लोक विचारतात, काय करतेस. टोपली असली की कुणी विचारत नाही." ती हसली. तिला वरचे दोन दात नव्हते. "तूच ना ती घासणारी? छान घासलंस हो. आरशासारखं. पण खडे कशाला टाकलेस?"

"कचरा होता तो."

"कचरा." म्हातारीनं मान हलवली, रागानं नाही, पोर चुकलं की हलवतात तशी. "आपले लोक दिवे लावतात. विझले की गेले. हे ज्यू लोक फुलं आणत नाहीत, दिवे आणत नाहीत. येतात आणि एक खडा ठेवतात. म्हणजे काय? म्हणजे मी आलो होतो. तू एकटी नाहीस, माझ्यानंतर दुसरा येईल. एवढीच चिठ्ठी. आणि तू आलीस आणि सगळ्या चिठ्ठ्या…" तिनं पंजानं हवेत झाडल्यासारखं केलं.

तीस वर्षांत लुडविकाच्या कामाला कुणी नाव ठेवलं नव्हतं. ती धावत त्या झाडाशी गेली, ओल्या पानांत गुडघे टेकून खडे वेचायला लागली. पण रानातलेही खडे होतेच. "यातले कुठले?" ती म्हणाली. "मला कसं कळणार यातले कुठले?"

"आण इकडे," म्हातारी म्हणाली. "मी सांगते."

आणि ती सांगू लागली. लुडविका एकेक खडा पुढे करायची, म्हातारी नुसतं बघायची. "हा नाही, हा इथलाच. हा. हा समुद्रापलीकडून आलाय. उंच माणूस होता, वाकताना गुडघा वाजला त्याचा. डावीकडे ठेव, कडेला. हे शिंपलं एका पोरीचं, तिनं ते वर्षभर खिशात बाळगलं होतं. विटेचा तुकडा तुमच्या ओल्शिनाचाच, शिंप्याच्या घराचा. कुणी आणला विचारू नकोस, तो चोरून आला, चोरून गेला. सावकाश, पोरी… पाइनचं फळ वर, ते एका बाईचं. तिच्याजवळ खडा नव्हता, उशीर झाला होता, जे हाताला लागलं ते ठेवलं."

पाऊस तरंगत होता. दिव्याच्या काचेवर थेंब बसत होते आणि आत ज्योत सरळ उभी होती. किती वेळ गेला ते लुडविकाला कळलं नाही. स्वप्नात आपण एखादं काम करतो आणि ते संपत नाही, पण त्याचा शीणही येत नाही, तसं चाललं होतं. शिळा पुन्हा भरली. आणि हळूहळू तिच्या पाठीमागं, झाडांमधे, काहीतरी सैल झालं. माणसं पुन्हा बोलायला लागावीत तसं. शब्द एकही कळत नव्हता.

"आता तुझा," म्हातारी म्हणाली.

लुडविकानं वाटेवरचा एक करडा खडा उचलला, ठेवला. मग अजून एक उचलला. "हा माझ्या आईचा."

"छे." म्हातारीनं तिचं मनगट धरलं. हात गार होता, पण माणसाचाच होता. "जो येतो तो ठेवतो. दुसऱ्याच्या वतीनं नाही चालत."

"ती अंथरुणावर आहे हो. उठता येत नाही तिला. मरायला टेकलीय. म्हणून तर मला पाठवलं."

"मग येईल मागाहून."

लुडविका थांबली. पाऊस थांबल्यासारखा वाटला, पण तो थांबला नव्हता.

"तुम्हाला… तुम्हाला कुणी सांगितलं?"

"अगं, ते इथं सगळ्यांनाच माहीत आहे," म्हातारी म्हणाली.

तेवढ्यात फोन वाजला. लुडविकाच्या ओल्या बोटांना तो लवकर उचलता येईना. ग्राझिना कुजबुजत होती.

"ताई, शांत झाल्या. एकदमच. म्हणाल्या, बूट दे माझे. काळे, चर्चला जायचे. मी म्हटलं अंथरुणात बूट कशाला, तर ऐकेनात. शेवटी घातले पायात. म्हटलं, असू दे, मन रमेल. नाड्या नीट बांध म्हणाल्या, लांब जायचंय… आणि आता झोपल्यात. बारा दिवसांनी. इतकी गाढ झोप… ताई? ऐकताय ना?"

"तिच्या छातीवर हात ठेव, ग्राझिना."

"काय?"

"हात ठेव गं."

पलीकडे पलंग करकरला. मग बराच वेळ काही ऐकू आलं नाही.

लुडविकानं फोन कानावरून खाली घेतला. म्हातारी जवळ नव्हती. लाल बूट झाडांमधून लांब जाताना दिसले, सावकाश, कुणाच्यातरी चालीशी चाल जुळवत जावं तसे. लुडविका वळली. शिळेवरचे सगळे खडे पावसानं काळे पडले होते. तिनं ठेवलेला करडाही. त्याला चिकटून अजून एक खडा होता, लहान, पांढुरका. तो तिनं ठेवला नव्हता. आईच्या नावाचा अजून तिच्या मुठीतच होता. आणि तो पांढुरका खडा कोरडा होता. ती बघत राहिली, आणि तिच्या डोळ्यांदेखत त्याच्यावर पावसाचा पहिला थेंब पडला.

चार चाळीसच्या बसमध्ये रोमुआल्डनं तिचं तोंड बघितलं आणि थट्टा केली नाही. ओल्शिनाला ती उतरताना तो एवढंच म्हणाला, "बाई, आचाऱ्यानं पण कधीतरी बसून जेवावं."

आईला तिसऱ्या दिवशी पुरलं, तिनं जिवंतपणीच तयार करवून ठेवलेल्या दगडाखाली. बूट तसेच ठेवले पायात. लुडविका रडली, पण तिला आतून हलकंही वाटलं. आई झोपली होती. आई गेली होती, जायचं होतं तिथं. ग्राझिनाला तिनं रानातलं काही सांगितलं नाही. ग्राझिनानंही विचारलं नाही; ती फक्त म्हणाली की बूट घालताना आईचे पाय गार नव्हते, तापलेले होते, चालून आलेल्या माणसाच्या पायांसारखे.

एक तारीख आली. सगळी दफनभूमी दिव्यांनी भरली, धुक्यात लाल-पिवळा उजेड तरंगायला लागला. लुडविकानं आईच्या थडग्यावर दुकानातला सगळ्यात चांगला दिवा ठेवला. दोन तारखेला सकाळी तो विझलेला होता. मेण जसंच्या तसं. शेजारचे सगळे जळत होते. तिनं वात बदलली. तिसऱ्या दिवशी पुन्हा तेच. समोरचा फुलवाला स्टॅनिसुआव फाटकातून ओरडला, "काय बाई, आपलाच माल आपल्याच आईला चालेना का?"

ती गुडघ्यावर बसली, सवयीनं पिशवीतून ब्रश काढला, आणि काढताना ब्रशचा लाकडी दांडा दगडावर आपटला.

ती तशीच थबकली. तीस वर्षं ती असे दगड घासत आली होती. घरात माणूस असलं तर दार वाजवल्याचा आवाज एक येतो. घर रिकामं असलं तर दुसरा येतो. हे कुणी शिकवत नाही, कानाला आपोआप कळतं.

तिनं दांड्यानं हळूच पुन्हा वाजवलं. कान दगडाला लावला. मग शेजारच्या थडग्यावर वाजवून पाहिलं, मग परत आईच्या. आईच्या दगडातून रिकाम्या घराचा आवाज आला.

बऱ्याच वेळानं ती उठली, गुडघे झटकले. दिवा उचलून तिनं शेजारच्या थडग्यावर ठेवला आणि पेटवला. तिथं तो तीन दिवस जळला.